कॅमेऱ्याशेजारचा नट

माझ्या नवऱ्याचं नाव पडद्यावर नेहमी 'आणि इतर' या शब्दांच्या जरा वर यायचं. जराच वर, फार नाही. पराग सासने. पस्तीस वर्षं मालिकांत आणि सिनेमांत तो वकील झाला, फौजदार झाला, सरपंच झाला, नवरीचा मामा तर किती वेळा झाला ते विचारू नका. शेवटी एका रोजच्या मालिकेत तो आप्पासाहेब झाला, आणि ती मालिका इतकी चालली की मंडईत बायका मला अडवून विचारायच्या, "आप्पासाहेब सुनेला एवढा जाच का करतात हो?" मी म्हणायचे, "घरी भांडी घासायला लागतात ना, त्याचा राग तिच्यावर निघतो."

मधूनमधून त्याने चार सिनेमे दिग्दर्शितही केले. त्यांच्या परीक्षणांत एक वाक्य ठरलेलं असे: 'सासने यांनी कलाकारांकडून उत्तम काम करून घेतलं आहे.' आणि त्याच्या स्वतःच्या भूमिकेबद्दल दुसरं: 'सासने यांनी योग्य साथ दिली आहे.' साथ! तो काय तबलजी आहे? मी चिडायचे आणि तो हसायचा. मी कोल्हापुरातल्या एका शाळेत तीस वर्षं भौतिकशास्त्र शिकवलं. कोणाला किती येतं हे मला चेहऱ्यावरून कळतं. माझ्या मते हा माणूस पहिल्या नंबरचा नट होता. पण बायकोच्या मताला कोणी पुरावा म्हणत नाही, आणि दुसरा पुरावा माझ्याकडे नव्हता.

दोन हजार एकेचाळीस सालच्या उन्हाळ्यात एका सकाळी त्याच्या चेहऱ्याची उजवी बाजू पडली. चेहऱ्याची नस सुजली होती. डॉक्टर म्हणाले, थोडं सुधारेल, पूर्ण नाही. डावी बाजू हसायची आणि उजवी शोकसभेला बसल्यासारखी गप्प. ओठ नीट मिटत नसल्यामुळे प, फ, ब, भ, म या अक्षरांना हवा निसटायची. आणि हे नेमकं अशा वेळी झालं की त्याच्या पाचव्या सिनेमाचा मुहूर्त तोंडावर आला होता. त्यात तो दिग्दर्शक तर होताच, पण नायकही होता. मिरजेतला बाजाची पेटी दुरुस्त करणारा एक म्हातारा कारागीर. आयुष्यातली पहिली मुख्य भूमिका, वयाच्या बासष्टाव्या वर्षी.

निर्माते ओसवालशेठ घरी आले. माणूस वाईट नाही, पण घाबरट. म्हणाले, "सासनेसाहेब, लोक आप्पासाहेबांचा चेहरा बघायला येणार. चेहरा तर आहे की आपल्याकडे! प्रतिनट करू या."

प्रतिनट म्हणजे काय ते आता शेंबडं पोरही सांगेल, पण नीट सांगायची माझी जुनी खोड आहे. यंत्राला एका नटाचं आजवरचं सगळं चित्रित काम दाखवतात. ते चित्रं साठवत नाही, संबंध शिकतं. असा प्रसंग, असं वाक्य, की या माणसाची पापणी अशी हलते, मान अशी वळते, आवाज इथे खाली येतो. लहान मूल घरात ऐकून ऐकून भाषा उचलतं तसंच. मग नवा संवाद दिला की यंत्र तो त्या माणसासारखा बोलून दाखवतं. मात्र मुलाचं आणि यंत्राचं एक सारखं असतं. जे कानांवर पडलं, डोळ्यांना दिसलं, तेवढंच त्यांना येतं. कायद्याने नटाची परवानगी लागते, आणि आपल्या प्रतिनटाचं काम नाकारायचा शेवटचा अधिकारही नटाचाच असतो. परागने परवानगी दिली. दिग्दर्शकाला सिनेमा करायचा होता.

चित्रनगरीत मिरजेच्या दुकानाचा सेट लागला. पुण्याहून कौमुदी इनामदार आली, प्रतिनट बनवणाऱ्या कंपनीची शास्त्रज्ञ. तिशीतली, कामाला वाघ. तिने सेटवर माणसाच्या उंचीचा एक पडदा उभा केला आणि त्यावर माझा नवरा आला. सरळ चेहऱ्याचा, धोतर-सदऱ्यातला. समोर ओवी मगदूम, कारागिराच्या मुलीच्या भूमिकेत. ही कागलची पोर. कोल्हापूरकडच्या मुलींसारखीच 'मी जातो, मी येतो' म्हणणारी आणि कोणाला न घाबरणारी.

प्रसंग साधा होता. मुलगी सांगते, बाबा, मला दूर देशी नोकरी लागली, दुकान मी चालवणार नाही. बाप फारसं बोलत नाही. पेटीचा भाता पुसत राहतो आणि शेवटी म्हणतो, "पोचलीस की फोन कर."

पडद्यावरच्या परागने मान एकदा इकडे वळवली, एकदा तिकडे वळवली, भुवई उचलली, थांबला, आणि खर्जात म्हणाला, "पोचलीस की फोन कर." सून घरातून पळून गेल्यावर आप्पासाहेब जसे बोलायचे, अगदी तसं. मागे ढोल वाजायचाच काय तो बाकी होता.

परागने तो शॉट मॉनिटरवर आणखी दोनदा लावून बघितला. मी शेजारी होते. मग तो हळूच म्हणाला, "वृंदा, हा मीच आहे गं. हुबेहूब. मी इतका वाईट होतो?"

"काहीतरीच काय!" मी म्हणाले. पण माझ्या आवाजात जोर नव्हता, कारण पडद्यावर होता तो खरंच तोच होता.

घरी येताना तो गाडीत म्हणाला, "तू मला चांगला नट म्हणतेस ते प्रेमापोटी. यंत्राचं माझ्यावर प्रेम नाही आणि वैरही नाही. त्याने माझं सगळं काम बघितलं, एक फ्रेम न सोडता, आणि हा निकाल दिला. हा सिनेमा त्याच्याकडून पुरा करून घेतो. त्यानंतर मात्र मला नट म्हणू नकोस."

मला रडू आलं आणि रागही आला. माणूस आजारी पडला तर औषध देता येतं. पण पस्तीस वर्षांचं आयुष्य रद्दीत काढायला निघालेल्या माणसाला काय द्यायचं?

दुसऱ्या दिवशी ओवीचा क्लोजअप होता. इथे या धंद्यातली एक रीत सांगायला हवी. क्लोजअपमध्ये कॅमेरा एकाच चेहऱ्यावर असतो. समोरचा नट चौकटीत नसतो, पण त्याची वाक्यं कोणीतरी कॅमेऱ्याशेजारी उभं राहून म्हणावी लागतात, म्हणजे ती ऐकून चेहऱ्यावर भाव येतात. याला क्यू देणं म्हणतात. मोठी मंडळी यासाठी थांबत नाहीत. आपलं काम झालं की व्हॅनमध्ये जाऊन बसतात, आणि एखादा सहायक ती वाक्यं वाण्याला सामान सांगावं तशी वाचून दाखवतो. इथे क्यू द्यायला पडदा होता. आप्पासाहेबांनी पुन्हा मान इकडे, मान तिकडे केली. ओवीचा चेहरा कोरडा तो कोरडाच.

सातआठ वेळा झाल्यावर ती वैतागून म्हणाली, "सर, लई वाईट करायलोय का हो मी? त्या पडद्याकडं बघून आतनं काही हलंनाच झालंय."

"तुझी चूक नाही," पराग म्हणाला. तो उठला, पडदा बंद करायला सांगितला आणि कॅमेऱ्याला खेटून उभा राहिला. "माझ्याकडे बघ. चेहऱ्याकडे बघून हसू नकोस म्हणजे झालं."

कॅमेरा सुरू झाला. ओवी तिची वाक्यं बोलली. पराग हातात नसलेली पेटी पुसत राहिला. पुसता पुसता त्याचा हात मंदावला. त्याने वर बघितलं, आणि त्या अर्ध्या चेहऱ्यावर किती काय काय आलं. मुलीचा अभिमान होता, तिच्याविना घर कसं असेल ते दिसत होतं, आणि ते तिला दिसू नये ही धडपडही होती. "पोचलीस की फोन कर." प आणि फ दोन्ही फुटले. ओवीच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहिलं. 'कट' म्हणतानाही पराग तिच्याकडेच बघत होता.

सगळे ओवीसाठी टाळ्या वाजवत होते. कौमुदी मात्र परागकडे बघत होती. ती माझ्याजवळ येऊन म्हणाली, "मॅडम, हा माणूस माझ्या यंत्रात नाही."

"कसा असेल?" मी म्हणाले. "यंत्राला दाखवलंय ते कॅमेऱ्यासमोरचं. तो हे पस्तीस वर्षं कॅमेऱ्याशेजारी उभा राहून करतोय. क्यू द्यायला तो नेहमी थांबतो. ताप असला तरी थांबतो."

"म्हणजे त्याचं रेकॉर्डिंगच नाही. आवाजसुद्धा नसेल, चौकटीबाहेरचा आवाज गोंगाट म्हणून पुसून टाकतात."

मी 'हो' म्हणणार होते, पण म्हटलं नाही. मी तीस वर्षं नववीला एक धडा शिकवला होता. दूरच्या ताऱ्यांभोवतीचे ग्रह बहुतेक कधी दिसत नाहीत. तरी ते आहेत हे आपल्याला कळतं, कारण ग्रहाच्या ओढीने तारा किंचित डगमगतो. ग्रह दिसला नाही तरी ताऱ्याचं डगमगणं मोजता येतं, आणि त्यावरून ग्रहाचं वस्तुमान सांगता येतं.

"कौमुदी," मी म्हणाले, "त्याचा चेहरा नाही, पण त्याच्याकडे बघणाऱ्यांचे चेहरे आहेत की."

ती पोरगी दोन पावलं मागे सरकली. मग खुर्ची ओढून तिथेच बसली आणि भराभरा बोलायला लागली. ऐकणाऱ्याचा चेहरा बोलणाऱ्याला सतत उत्तर देत असतो. डोळ्याची बाहुली मोठी होते, श्वास त्याच्या श्वासाशी जुळतो, गालाचा एखादा स्नायू हलतो. अशी कोट्यवधी संभाषणं यंत्रांनी दोन्ही बाजूंनी पाहिलेली आहेत. मग उलटं विचारायचं: ऐकणारा असा हलला, तर समोरचा कसा बोलला असेल? एका चेहऱ्यावरून हे सांगता येणार नाही, त्याची शंभर उत्तरं निघतील. एका सावलीवरून माणूस ओळखता येत नाही तसंच. पण शंभर दिव्यांच्या शंभर सावल्या असल्या तर? शंभर वेगळे चेहरे, समोर उभा माणूस एकच. सगळ्यांत जे सामाईक निघेल ते त्याचं.

अडचण दोन ठिकाणी होती. कोणत्या क्लोजअपला समोर पराग होता आणि कोणत्या वेळी सहायक, ते कुठे लिहिलेलं नसतं, ते फक्त ज्याचं त्याला आठवतं. आणि ज्याचा चेहरा वापरायचा त्याची परवानगी लागते. पराग म्हणाला, "कोणी देणार नाही. लोकांना काय पडलंय? मला लाजवू नका." मी त्याचं ऐकलं नाही. लग्नानंतर ऐकण्यासारखं असलं तरच ऐकते.

मी आणि कौमुदीने फोन लावायला घेतले. पहिलाच नट, आता नावाजलेला, मला वाक्य पुरं करू देईना. "काकू, माझ्या पहिल्या मालिकेत मला रडता येत नव्हतं. पराग दादा समोर उभे राहिले होते. घ्या, सगळं घ्या." दुसरी म्हणाली, तेव्हा त्यांचं पॅकअप झालं होतं, तरी मेकअप पुसलेल्या तोंडाने उभे राहिले. मग आम्हाला फोन लावायची गरज उरली नाही, आम्हालाच यायला लागले. मालिकांतल्या सुना, खलनायक, एक सिनेमा करून नोकरीला लागलेली माणसं. एकाने पंधरा-वीस वर्षांपूर्वीचा प्रसंग जसाच्या तसा सांगितला, परागने खांदा कसा पाडला होता त्यासकट. माझ्या फोनवर माझ्या नवऱ्याचं कौतुक दिवसभर वाजत होतं, आणि मी ते मुद्दाम मोठ्या आवाजात लावत होते.

उत्तरा देवस्थळी स्वतः आल्या. आता ऐंशीच्या घरात. ज्या सिनेमाने त्यांना देशभर नाव मिळालं, त्यात मुलगा गेल्याची बातमी ऐकणाऱ्या आईचा एक क्लोजअप आहे. तो सगळ्यांना पाठ आहे.

"बातमी आणणारा हवालदार हा होता," त्या परागकडे बोट दाखवून म्हणाल्या. "नवखं पोरगं. दोन वाक्यं, तीही पाठमोरी. शॉट संपल्यावर याला घरी जायचं होतं. मी म्हटलं, थांबशील का रे? हा थांबला. मी पुरस्कार घेताना खूप जणांचे आभार मानले. याचं नाव मला माहीत नव्हतं."

पराग खाली बघत म्हणाला, "ताई, तुम्ही रडलात ते तुमचं काम होतं."

"गप्प बस. मला माझं काम किती आणि तुझं किती ते कळतं."

मी त्यांना विचारलं, "मग कॅमेऱ्यासमोर हा असा का दिसतो, ताई? लाकडासारखा?"

उत्तराताईंनी चष्मा काढून मांडीवर ठेवला. मग म्हणाल्या, "कारण याच्या क्लोजअपला आमच्यातलं कोण थांबायचं? आम्ही गाडीत जाऊन बसायचो. भिंतीशी बोलून कोण चांगला दिसेल, बाई?"

हे ऐकून मला एकाच वेळी त्यांचा राग आला आणि त्यांना मिठी मारावीशी वाटली. मी मिठी मारली.

यंत्र शिकत होतं तोवर ही बातमी इंडस्ट्रीत फुटली, आणि मग बरेच जण आपापलं करून घ्यायला धावले. एका फार मोठ्या नायकाने हौसेने आपल्या सहकलाकारांचे चेहरे यंत्राला दिले. यंत्राने उत्तर दिलं की समोर कोणीही नाही. त्यांनी कंपनीला नोटीस पाठवली. तेव्हापासून, ऐकते की, सेटवरच्या व्हॅन जरा रिकाम्या असतात आणि कॅमेऱ्याशेजारी गर्दी होते. विज्ञानाने माणसं सुधारतात असं मी वर्गात कधी शिकवलं नाही, पण भीतीने थोडी सरळ होतात.

शेवटी एका दुपारी कौमुदीने पडदा सुरू केला. सेटवर आम्ही मोजकी माणसं होतो. पडद्यावर पुन्हा पराग आला, पण हा मान इकडेतिकडे वळवत नव्हता. हा समोर उभ्या ओवीकडे बघत होता. ती हलली की याच्या डोळ्यांत काहीतरी हलायचं. तिने एक वाक्य वेगळं म्हटलं तर याने आपलं वाक्य बदललेल्या सुरात दिलं. स्वतःला दाखवायची त्याला गरजच नव्हती, समोरच्याला उचलून धरायचं एवढंच त्याला ठाऊक होतं. ओवी भान विसरून त्याच्याशी बोलत राहिली.

खोटं कशाला सांगू, मला अभिमानाच्या आधी मत्सर वाटला. हा चेहरा शेकडो लोकांनी बघितला होता, आणि मी कधी बघितला? मी परागच्या कानाशी म्हणाले, "माझ्याकडे कधी असं बघितलं होतंस?"

"रोज," तो म्हणाला. "तू वर कधी बघितलंस? पेपर तपासत असायचीस."

मी त्याचा हात धरला. तो पडद्याकडे बघत होता आणि त्याचा डावा डोळा वाहत होता. उजवा तर आजारामुळे असाही वाहायचा.

"चांगला आहे गं," तो म्हणाला. "हा माणूस चांगला नट आहे."

"मी पस्तीस वर्षं काय सांगतेय?"

ओसवालशेठ आनंदाने उड्या मारायचे बाकी होते. "झालं की काम! यालाच घेऊ. उद्यापासून सुरू!"

पराग उठला. आधी कौमुदीला म्हणाला, "पोरी, तू मला काय दिलंस ते तुला कळायला अजून पस्तीस वर्षं लागतील." मग शेठजींकडे वळला. "याला नाही घ्यायचं. मी माझा अधिकार वापरतो."

"अहो, पण का? आत्ताच तुम्ही म्हणालात चांगला नट आहे!"

"म्हणालो. पण तो नट जिवंत आहे, चालताफिरता आहे. त्याला बदली कशाला? कारागिराचं काम मी करणार."

"आणि चेहरा?"

"वाकडा आहे. पेटी दुरुस्त करणाऱ्या म्हाताऱ्याकडे सरळ चेहरा कोण मागतंय? पण नसेल पटत तर दुसरा दिग्दर्शक बघा."

शेठजी माझ्याकडे मदतीच्या आशेने बघायला लागले. मी म्हटलं, "माझ्याकडे काय बघता? त्याला नट म्हणतात." हे म्हणताना माझा आवाज सबंध चित्रनगरीला ऐकू गेला असेल. शेठजी कपाळ पुसत बसले, आणि थोड्या वेळाने त्यांनी चहा मागवला. म्हणजे तयार झाले.

दोन दिवसांनी त्याचा क्लोजअप लागला. ओवीचं काम सकाळीच संपलं होतं, तिची गाडी फाटकाशी उभी होती. सहायक दिग्दर्शक तिची वाक्यं वाचायला कॅमेऱ्याशेजारी आला, तेव्हा तिने त्याला हाताने बाजूला केलं.

"सरका. मी थांबतो सरांसाठी."

पराग दुकानात बसला. समोर पेटी, हातात फडकं. ओवी कॅमेऱ्याला खेटून उभी राहिली आणि बोलायला लागली. चौकटीत ती नव्हती, तिचा चेहरा कोणाला दिसणार नव्हता, तरी तिने सगळं दिलं. आवाज कापला, डोळे भरले. आणि माझा नवरा ते घेत होता. त्याला घ्यायची सवय नव्हती, हे पहिल्या वाक्याला दिसलं. दुसऱ्या वाक्याला तो सावरला. तिसऱ्याला पराग तिथे नव्हताच, एक म्हातारा कारागीर होता, ज्याची एकुलती एक मुलगी दूर चालली होती. डावा अर्धा चेहरा हसून तिला निरोप देत होता आणि उजवा हलत नव्हता. ते न हलणं बघवत नव्हतं. तो ते एक वाक्य बोलला. त्याचे ओठ मिटले नाहीत, त्यातून नुसती हवा गेली.

कॅमेरा चालूच राहिला. 'कट' म्हणायचं ते दिग्दर्शकाने, आणि दिग्दर्शक तर पेटी पुसत बसला होता. त्याचा सहायक सदऱ्याच्या बाहीने डोळे पुसत होता. शॉट बघायला मुद्दाम आलेल्या उत्तराताईंनी तोंडावर पदर धरला होता. कोणाला म्हणवेना. मी आयुष्यात कधी सेटवर तोंड उघडलं नव्हतं, पण माझं काळीज फुटायची वेळ आली होती. मी वर्गातल्या आवाजात ओरडले, "कट!"

पराग ताडकन उभा राहिला.

"कोण म्हणालं कट? वृंदा, तू? कोणी सांगितलं तुला? वाक्य संपलं म्हणून प्रसंग संपतो का? इतका छान लागला होता सूर, सगळा शॉट घालवलास. बाहेर जा बघू तू, बाहेर जा! ओवी, बाळ, अजून एकदा उभी राहशील ना? चला, दिवे तसेच ठेवा. मला आणखी एक टेक पाहिजे."

मी बाहेर जाऊन दारात उभी राहिले. त्याने दुसरा टेक दिला. तो पहिल्यापेक्षा चांगला होता.